मूठ

चौऱ्याऐंशी साल. वागळे इस्टेट, किसननगरच्या अलीकडे
माझं दुकान. रिक्षाचे हूड, सीटा,
कधीमधी एखादी ताडपत्री.

गुप्तेबाई आल्या त्या तिरक्या होऊन.
उजवा खांदा पार खाली, डावा हात हवेत,
भरली कळशी नेताना असतो तसा.
फळीवर ओझं टेकलं तेव्हा
माझी कात्री उडून खाली पडली.

मला वाटलं शिलाई मशीन. तशीच पेटी, तसंच झाकण.
बाई म्हणाल्या, कॉम्प्युटर आहे. पोर्टेबल.
म्हणजे?
म्हणजे उचलून नेता येतो.
कोणाला, मी विचारलं,
तेव्हा त्या पहिल्यांदा हसल्या.

मूठ तुटली होती. परदेशी प्लास्टिक, बारीक, देखणी.
ज्यानं केली त्यानं ती
टेबलापासून गाडीपर्यंतच नेली असणार.
बाई नेत होत्या बाळकुमला, कोलशेतला,
भिवंडीच्या एस.टी.त मांडीवर घेऊन,
कारखान्याचे तीन-तीन जिने चढून
मालकांना दाखवायला, की बघा,
पगाराचा हिशोब आता एका दुपारचा.
मालक विचारायचे, चहा घेणार?
आणि मशीन तुम्ही एकट्याच आणलंत?

तळहात दाखवला त्यांनी. आडवी लाल रेघ,
बादलीच्या कडीनं पडते तशी.

शेजारी इब्राहिमचा भंगारचा काटा.
बारा किलो दोनशे.
इब्राहिम म्हणाला, बाई, शेवटी इथंच यायचंय,
आत्ताच ठेवून जा, जिना वाचेल.

मग त्यांनी माझ्या प्लगात वायर खोचली.
उचलून कुठंही न्या,
पण खुंटीला बांधलेल्या शेळीसारखं
वीज असेल तिथंच चरणार.
पोस्टकार्डाहून लहान काच. त्यात हिरवी अक्षरं
खालून वर सरकत गेली.
नाव काय तुमचं?
रेवणनाथ.
मराठी येत नाही त्याला, इंग्रजीत लिहिते.
एकेक अक्षर उमटलं. मी मोजली, दहा.
मला त्यातलं एकही वाचता येत नव्हतं,
तरी बघताना मान आपोआप सरळ झाली.

तेवढ्यात लाईट गेली. शुक्रवार होता.
काच काळी. आत मी, मागे रस्ता, उलटा.
साठवलं नव्हतं हो, बाई म्हणाल्या,
पुढच्या वेळी लिहीन परत.

अंधारातच शिवायला बसलो.
दोन पदरी कॅनव्हास, मध्ये हूडची नायलॉन पट्टी,
मेण लावलेला दोरा, चार पितळी रिव्हेट,
आणि तळवा टेकतो तिथं सीटचा फोम.
खांद्याला एक पट्टा, न सांगता.
अकरा रुपये.
म्हटलं, तीन माणसं बसतात ती सीट सात वर्षं जाते माझी.
हे त्याआधी तुटलं तर पैसे परत.

चौदा महिन्यांनी आल्या. रिक्षातून.
मूठ धड होती. मशीनच बाद झालं होतं.
नवं आलं होतं, निम्म्या वजनाचं,
पुस्तकासारखं उघडणारं,
चार तास विजेशिवाय चालणारं, म्हणे.
ही मूठ त्याला बसेल का?
मी उलटंपालटं करून बघितलं. भोकंच नव्हती.
त्याची स्वतःची होती, रुंद, गोल कडांची.
कुणीतरी, कुठंतरी,
एखाद्या बाईचा तळहात बघितला असावा.

नावाची आठवण मी केली नाही. त्यांनाही घाई होती.

जुनी पेटी इब्राहिमच्या काट्यावर गेली.
अकरा किलो नऊशे.
बारा दोनशे होतं, मी म्हणालो.
तो म्हणाला, मूठ तू काढून घेतलीस ना रे.

घेतली होती. अजून आहे.
दुकानाच्या शटरला लावलीय,
खाली ओढताना हाताला लागत नाही.